जो नाही तो अंगठा

वर्ध्याला आमच्या फिजिओथेरपीच्या खोलीत कुबड्या ठेवायला जागा नसते, मग किस्से कुठे ठेवणार? घरी सांगितले की नवरा म्हणतो, "तू बनवतेस!" अहो, मला कुठलं येतंय बनवायला!

•

अल्लीपूरचे सुदामभाऊ. ट्रॅक्टरखाली सापडून त्यांचा पाय गुडघ्याखाली काढावा लागला. पहिल्याच दिवशी दबक्या आवाजात म्हणाले, "मॅडम, अंगठा खाजून राह्यला."

"कोणता?"

"जो नाई तो!"

त्यांच्या बायकोने, शांताबाईंनी, पदर तोंडाला लावला. "कोणाले सांगू नका. लोक म्हणतीन, पायासंगं डोकंबी गेलं!"

•

मी समजावलं. पाय गेला तरी मेंदूतला त्याचा नकाशा तसाच राहतो. पुष्कळांना असं होतं, हे वेड नाही. भाऊंचा जीव भांड्यात पडला.

"म्हणजे मेंदूले पताच नाई? मंग सांगा ना त्याले कोणी!"

•

जाम गावचे बंडूभाऊ चहाटपरीवाले, त्यांचा हात कोपरापासून गेलेला. एकदा शांताबाई बाकावर त्यांच्या शेजारी टेकल्या, तसे ते ओरडले, "वहिनी, हातावर बसल्या ना माह्या!"

शांताबाई चटकन उठल्या आणि बाकावरच्या रिकाम्या जागेच्या पाया पडल्या!

•

पण सुदामभाऊंच्या त्या नसलेल्या पायाची बोटं अशी आवळायची की ते किंचाळायचे. त्यात मुलीचं, प्रणालीचं, लग्न तोंडावर आलेलं. "मी मांडवात नाई बसत. पोरीच्या लग्नात तमाशा नाई पायजे."

उपाय आरशाचा होता. आरसा दोन्ही मांड्यांमध्ये उभा धरायचा आणि त्यात चांगला पाय पाहायचा, म्हणजे मेंदूला गेलेला पाय दिसतो. आमचा आरसा तडकलेला. शांताबाईंनी घरच्या कपाटाचा काढून एसटीतून आणला, प्रणालीने चिकटवलेल्या टिकल्यांसकट! भाऊंनी आरशात बघत चांगल्या पायाची बोटं हळूहळू उघडली.

"उघडले! शांते, बोटं उघडले!"

शांताबाई रडायला लागल्या, मीही. बंडूभाऊ तेवढे म्हणाले, "पायाले टिकली शोभते!"

रोज सराव केला, कळा कमी होत गेल्या. मला किती हलकं वाटलं म्हणून सांगू!

•

लग्नाला आम्ही सगळे गेलो. नकली पाय अजून तयार व्हायचा होता. भाऊ मांडवात खुर्चीवर बसले होते, पँटची एक बाजू दुमडलेली. निघताना प्रणाली पाया पडायला वाकली. एका पावलाला हात लावला आणि दुसऱ्या जागी तिचा हात अडला.

"लाव ना पोरी, तो का परका हाय?"

तिने रिकाम्या सतरंजीवर हळूच हात टेकवला.

भाऊ म्हणाले, "किती गार हाय वं हात तुहा!"