तांब्याखालचा टाक

प्रवासवर्णन लिहिण्याचा मला काही अधिकार नाही, हे आधीच कबूल करतो. नाशिकहून भिवंडी म्हणजे एसटीतली एक सकाळ. तेवढ्या प्रवासाला कोणी प्रवास म्हणत नाही. शिवाय आमच्या घरात दहावीच्या पुढे शिकलेला मी पहिलाच, त्यामुळे छापून येईल असे काही लिहायची सवय घरात कोणालाच नाही. वार्षिक अंकासाठी लिही, असे सरांनी दोनदा सांगितले, तेव्हा दोन्ही वेळा मी टाळले. आता लिहितो आहे. चुकले तर वाचणाऱ्यांनी सांभाळून घ्यावे.

मी चित्रकला महाविद्यालयात मुद्राचित्रण शिकलो. शेवटच्या वर्षी प्रत्येकाला एक जुनी, विस्मृतीत गेलेली छपाईची पद्धत शोधून करून दाखवावी लागते. ग्रंथालयातल्या एका फाटक्या कोशात मला एक शब्द सापडला : गॅल्व्हॅनोग्राफी. एकोणिसाव्या शतकात युरोपात काही काळ चाललेली ही पद्धत. चांदीचा मुलामा दिलेल्या पत्र्यावर जाड रंगाने चित्र काढायचे, म्हणजे रंग किंचित उठावाने राहतो. मग तो पत्रा मोरचुदाच्या पाण्यात सोडून वीज द्यायची. पाण्यातले तांबे चित्रावर थराथराने बसत जाते. काही दिवसांनी तो तांब्याचा थर सोलून काढला, की त्यात चित्राचा खोलगट ठसा मिळतो. खोलगटात शाई भरायची आणि कागदावर दाबायची. कोशात एवढेच अर्धे पान होते. आमच्या सरांनीही ती कधी पाहिलेली नव्हती.

कॉलेजात रसायने पुरवणारे गृहस्थ म्हणाले, "भिवंडीत जा. धामणकर नाक्याच्या मागं काशिनाथ म्हणून एक प्लेटिंगवाले आहेत, धातूला मुलामा चढवतात. तांबं चढवायची टाकी आता त्यांच्याकडंच राहिलीय." त्यांनीच फोन करून दिला. गेल्या दिवाळीच्या सुट्टीत मी निघालो. पिशवीत एक चित्र काढलेला पत्रा होता. आईच्या खुरप्याचे चित्र. दुसरे काही काढायला सुचले नव्हते.

कसारा घाट उतरल्यावर हवा बदलते. अंगाला चिकटते. शहापूर, पडघा गेले आणि रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गोदामे लागली. शेताच्या बांधाएवढ्या लांब पत्र्याच्या भिंती, आणि त्यांच्यामध्ये मधेच एखादे भाताचे खाचर, कापणी झालेले. बायपासवर उतरलो आणि पहिलीच चूक केली. "भिवंडी?" असे विचारून शेअर रिक्षात बसलो, पण रस्त्याच्या उलट्या बाजूच्या. दहा मिनिटांनी कोन नावाचे गाव लागले आणि रिक्षावाला म्हणाला, "कोन आ गया, उतरो."

"पण मला भिवंडीत जायचंय."

"अरे भाऊ, भिवंडीकडे पाठ करून बसलास, मग भिवंडी कशी येणार?" शेजारची बाई म्हणाली आणि सगळी रिक्षा हसली. मीही हसलो.

धामणकर नाक्यावर पोहोचलो तेव्हा कानात दडे बसले. वाहनांचा आवाज एक, आणि त्याच्याखाली दुसरा, न थांबणारा खटखट आवाज. गल्लीच्या प्रत्येक दारातून तो येत होता. लूम, म्हणजे यंत्रमाग. दाराशी बसलेल्या एका विणकराला मी पत्ता विचारला. त्याने ऐकू न येता ओठांवरून ओळखले. "काशिनाथ चाचा? टंकीवाले? सीधा जाओ, जहाँ आवाज कम हो जाए, वहीं."

तसेच झाले. गल्लीच्या टोकाला आवाज जरा कमी झाला आणि तेजाबाचा वास आला. एका पत्र्याच्या शेडमध्ये साठीच्या आसपासचे एक किरकोळ गृहस्थ नळाच्या तोट्या तारेला अडकवत होते. हाताची बोटे निळसर हिरवी पडलेली.

"नाशिकचा पोर तू? जेवलास का?"

पहिला प्रश्न हाच होता. माझे उत्तर न ऐकताच त्यांनी डबा उघडला. तांदळाची भाकरी आणि वालाचे बिरडे. आमच्याकडे बाजरी, त्यामुळे तांदळाची भाकरी मला कागदासारखी वाटली, पण चव गोड होती. जेवताना मी गॅल्व्हॅनोग्राफी समजावून सांगितली. तो शब्द उच्चारताना मला लाज वाटत होती. काशिनाथकाका मात्र शब्दाला हसले नाहीत. त्यांनी हातातला घास ताटात ठेवला.

"परत सांग. उठावाचा खोलगा व्हतो?"

"हो."

"न् त्या खोलग्यावर परत तांबं चढवलं, तर परत उठाव? तोच? रेघ न् रेघ?"

"हो काका. कोशात तसं दिलंय."

त्यांनी तारेला अडकवलेल्या तोट्यांकडे बघितले. मग म्हणाले, "चाळीस वर्सं मी लोकांच्या तोट्या चमकवतोय. हे माझ्या डोक्यात कसं न्हाय आलं?"

त्यांच्या मनात काय होते ते मला दुसऱ्या दिवशी कळले. आम्ही वज्रेश्वरीच्या रस्त्याने त्यांच्या मूळ गावी गेलो, अकलोलीच्या अलीकडे. वाटेत त्यांनी मला कुंडावर उतरवले. गरम पाण्यात पाय सोडून बसलो असताना ते बोलले. घरात एक टाक आहे (चांदीच्या पातळ पत्र्यावर ठोकून उठवलेली देवाची किंवा पूर्वजाची आकृती). तो त्यांच्या घराण्याच्या वीराचा, म्हणजे मूळपुरुषाचा. देवारा मोठ्या भावाकडे. काका धंद्यासाठी बाहेर पडले, आता कोनला नव्या खोलीत राहतात. तिथल्या देवाऱ्यात वीराच्या जागी सुपारी मांडलेली आहे.

"सोनाराकडून दुसरा करून घेता येत नाही का?" मी विचारले.

"येतो ना. पण सोनार त्याच्या ठशावरचा देव देतो. तो दुसऱ्या कुणाचा तरी बाप. मना आमचाच पायजे." पाण्यातली बोटे ते चोळत होते. "दर दसऱ्याला मी भावाच्या दारात जातो. पाया पडतो, जेवतो, परत येतो. पावना. नातू इचारतो, आपला देव आपल्या घरी का न्हाय?"

घरी काकांचे मोठे भाऊ ओट्यावर बसले होते. त्यांना सगळे दादा म्हणत. त्यांनी ऐकून घेतले आणि म्हणाले, "देव काय गोधडी हाय, दोन शिवायला?" त्यावर आतून काकांच्या वैनी आल्या. हाताला चुलीची राख होती.

"त्याच्यातनंच जर दुसरा निघत आसंल, तर तुमचं काय जातंय?" त्या दादांना म्हणाल्या. "भावजी मागतायत ते काय जमीन मागतायत?"

दादा माझ्याकडे बघून म्हणाले, "याला काय व्हनार न्हाय ना?"

मी म्हणालो, "नाही." हे मी अर्ध्या पानाच्या भरवशावर म्हणालो होतो.

वैनींनी देवाऱ्यातून टाक काढून माझ्या तळहातावर ठेवला. विड्याच्या पानाच्या निम्म्याएवढा. इतक्या पिढ्यांच्या रोजच्या आंघोळीने तो इतका गुळगुळीत झाला होता की चेहरा जवळजवळ नव्हताच. उजेडात तिरका धरल्यावर एक डोळा दिसला, आणि कदाचित मुंडासे. मला वाटले, याचा ठसा घेऊन शाई भरली, तर डोळ्यांना न दिसणाऱ्या रेघाही कागदावर येतील. मी तसे सांगितले. वैनी म्हणाल्या, "म्हंजे त्याचं तोंड आम्हाला दिसंल?" तोवर तो फक्त काकांचा हट्ट होता. त्यानंतर सगळ्यांचीच आशा झाली. ती लावणारा मी होतो.

टाक टाकीत सोडायच्या दिवशी वैनी स्वतः भिवंडीला आल्या. देव एकटा कसा पाठवायचा, म्हणून. काकांनी टाकाच्या पाठीला आणि कडांना मेण लावले, तार अडकवली. मी समोरच्या बाजूला तेलाचे बोट फिरवून कापसाने पुसले, दिसणार नाही इतका पातळ थर राहील असे. तसाच थर माझ्या खुरप्याच्या पत्र्यावरही दिला. तो थर असला तरच नंतर तांबे सुटते. हे मी काकांना सांगितले होते. वैनी तेव्हा दारात भाजीवाल्याशी बोलत होत्या.

मग मी आणि काका चहाला गेलो. नाक्यावरच्या हॉटेलात शुक्रवारची गर्दी होती, लूम बंद होते, कामगार स्वच्छ कपड्यांत बसले होते. मी पहिल्यांदाच पाया-नान खाल्ला, बकऱ्याच्या खुरांचा रस्सा आणि नान. काका मला विणकरांची थट्टा ऐकवत होते. परत आलो तेव्हा दोन्ही पत्रे तारांना लटकलेले होते. वैनी हात जोडून उभ्या होत्या. काकांनी एकेक करून ते निळ्या पाण्यात सोडले, बटण दाबले. आम्ही तिघेही पाण्याकडे बघत राहिलो. काही दिसण्यासारखे नव्हतेच.

सहा दिवस गेले. मी शेडमध्येच झोपत होतो. काका सकाळी येऊन आधी टाकीत वाकून बघत, मग चप्पल काढत. गुलाबी तांब्याचा थर रोज जाड होत होता. सहाव्या दिवशी वैनी आल्या, यावेळी दादांना घेऊन.

आधी माझा पत्रा काढला. कडेला सुरीचे टोक लावले आणि तांबे असे सुटले, जसा फणसाचा गरा सुटावा. आत खुरपे होते, मुठीवरच्या चिरेसकट. काकांनी माझ्या पाठीवर थाप मारली. "शाबास रे नाशिक!"

मग टाक. काकांनी सुरी लावली. टोक आत गेले नाही. दुसरी कड बघितली. मग तिसरी. त्यांनी सुरी बाजूला ठेवली आणि नखाने बघितले.

"तेल लावलं व्हतंस ना?"

"लावलं होतं काका. तुमच्या समोर."

"मग?"

वैनींनी दोघांकडे बघितले. "ते तेल... ते ठेवायचं व्हतं?" त्यांचा आवाज बारीक झाला. "मी चिंच लावून घासला त्याला. तुम्ही चहाला गेला तवा. पाठीचं मेन तसंच ठेवलं, नुसतं तोंड धुतलं. तेलकट, पारोसा देव पान्यात कसा सोडायचा? शेंदूर-तेल मारुतीला. आमच्या वीराला रोज आंघोळ."

शेजारच्या शेडमधले लूम चालू होते, तरी मला ते ऐकू येत नव्हते. चिंचेने लखलखीत केलेल्या चांदीवर तांबे असे बसते, की दोन धातू राहत नाहीत. मी वैनींना एक वाक्य सांगायला हवे होते. काकांना सांगितले तेच, भाजीवाला गेल्यावर, त्यांनाही. मला वाटले होते की हे कारखान्यातले काम आहे, आणि कारखान्यातले काम कारखानदाराला सांगायचे असते. पण देव त्यांच्या हातातून आला होता.

काकांनी छिन्नी उचलली आणि परत ठेवली. "ठोकलं तर चांदी फाटंल," ते म्हणाले.

दादांनी तो तांब्याखाली बुजलेला टाक हातात घेतला. मला वाटले, आता ते ओरडतील. ओरडले असते तर बरे झाले असते. त्यांनी तो उलटसुलट केला आणि वैनींना विचारले, "आता उद्या सकाळी आंघोळ कुनाला घालनार? आत तो हाय का न्हाय, कुनाला ठावं?"

वैनींनी तो पदरात बांधला. जाताना त्या माझ्याजवळ थांबल्या, म्हणाल्या, "तुझा चांगला निघाला ना रे पोरा? तो नीट ने." काका त्यांना रिक्षापर्यंत सोडायला गेले नाहीत. टाकीजवळ पाटावर बसून राहिले. मी सामान बांधले. निघताना पाया पडलो, तर म्हणाले, "नीट जा. उलट्या बाजूला नको बसूस." थट्टा होती, पण त्यांचे मन तिच्यात नव्हते.

परतीच्या एसटीत पिशवी मांडीवर धरून मी घाट चढलो. परीक्षेत खुरप्याच्या छापाचे कौतुक झाले. बाहेरच्या परीक्षकांनी विचारले, प्रयोगात अडचणी काय आल्या? मी म्हणालो, वेळ लागतो. एवढेच. पुष्कळ दिवस मी विचार करत राहिलो, की शिकलेल्या माणसाने काय शिकायला हवे असते. कोशातला शब्द मला आला होता. तो ज्यांच्या घरात घेऊन गेलो, त्यांचा सकाळचा पहिला नेम काय असतो, हे मी विचारले नव्हते. माझी आईसुद्धा देव चिंचेनेच घासते. मला ते माहीत होते. तरी मी विचारले नाही.

काकांना मी चार-पाच वेळा फोन केला. उचलला गेला नाही. एक पत्र पाठवले, माफीचे. उत्तर आले नाही. दसरा जवळ आला तसा मला कोनच्या खोलीतली मी न पाहिलेली सुपारी दिसू लागली, आणि दादांच्या देवाऱ्यातले ते तांबे.

परवा, दसऱ्याच्या आदल्या दिवशी, काकांचाच फोन आला.

"आटवला," ते म्हणाले.

"टाक? वितळवला?" मी विचारले.

"दादानंच इषय काढला. बोलला, तोंड न दिसनारा देव किती दिस पुजायचा. गावच्या सोनाराकडं नेला. मी न् वैनी, दोगं संगं व्हतो."

"आणि चेहरा, काका?"

"चेहरा सोनाराच्या ठशाचा. आता काय." मग म्हणाले, "सोनारानं मुशीत घालायच्या आधी वजन करून, कड घासून बघितली. बोलला, चांदी झिजून पार पापुद्रा झालीया, तिचा एक टाक पन धड भरनार न्हाय. पन हे तांबं हाय ना चढलेलं, ते तिच्यातच मिळू दिलं, तर दोन व्हतील. दादा बराच येळ मुशीकडं बघत बसला. मग बोलला, दोन कर."