बाबांच्या परवान्याचा वारस

जपानला यायच्या आदल्या दिवशी बाबांनी आपलं रिव्हॉल्व्हर तालुक्याच्या पोलीस ठाण्यात जमा केलं, आणि फुनाबोरीला आमच्याकडे आल्यावर पहिला आठवडाभर त्यांचा उजवा हात कमरेकडे जात राहिला. लिफ्टमध्ये कोणी शेजारी येऊन उभं राहिलं की हमखास. हाताला काही लागायचं नाही, मग ते उगाच शर्ट नीट करायचे.

बाबा फौजदार म्हणून निवृत्त झाले. निवृत्त पोलिसाला खात्याचं ओळखपत्र मिळतं, पण त्या कार्डाच्या जोरावर हत्यार बाळगता येत नाही. त्यासाठी चारचौघांसारखा परवाना काढावा लागतो. बाबांनी तो काढला, कारण त्यांनी तुरुंगात पाठवलेल्या एका माणसाने ‘सुटल्यावर बघून घेईन’ अशी धमकी दिली होती. तो माणूस सुटला, म्हातारा झाला आणि घरच्या अंथरुणावर गेला. बाबा त्याच्या दहाव्यालाही जाऊन आले, कमरेला रिव्हॉल्व्हर लावून, वरून शर्ट सोडून. परवान्याचं नूतनीकरण त्यानंतरही चालूच राहिलं. मला वाटायचं, जुनी ऐट आहे, सुटत नाही. त्यापलीकडे मी कधी विचार केला नाही.

आमच्या इमारतीपुढच्या चौकात शाळेच्या वेळेला एक आजोबा पिवळा झेंडा घेऊन मुलांना रस्ता ओलांडून देतात. ते निवृत्त पोलीस आहेत, असं मी एकदा बोलता बोलता बाबांना सांगितलं, आणि दुसऱ्या दिवशी मी ऑफिसला निघालो तेव्हा बाबांनी मला धरून चौकात नेलं. मुलं शाळेत गेली होती. बाबांनी खिशातून आपलं ओळखपत्र काढून पुढे केलं. आजोबांनी झेंडा काखेत धरला, कार्ड दोन्ही हातांत घेतलं, न कळणारी अक्षरं सावकाश पाहिली आणि वाकून परत दिलं.

“यांना विचार, हत्यार कुठे ठेवतात.”

मी विचारलं. आजोबा हसले. शेवटच्या दिवशी पिस्तूल, ओळखपत्र, सगळं परत करून घरी गेलो, म्हणाले. आता हा झेंडा तेवढा.

“सगळंच? मग भीती नाही वाटत?”

मी ते जरा सौम्य करून विचारलं. “कशाची?” असं आजोबांनी मलाच विचारलं.

बाबांनी ओळखपत्र खिशात ठेवलं. मग म्हणाले, “मुलगा कुठे असतो, विचार.”

“आमच्याच घरात. वरच्या मजल्यावर.”

“हात्तिच्या!” बाबा मोठ्याने हसले. “मग याला पिस्तूल कशाला लागतंय!”

आजोबाही हसले, बाबा हसले म्हणून. मी त्यांना ते जपानीत सांगितलं नाही. ट्रेन चुकेल म्हणून निघालो.

त्या संध्याकाळी मी स्वयंपाकघरात कचरा वेगळा करत होतो, जळणारा एका पिशवीत, प्लास्टिक दुसऱ्या. बाबा खुर्चीत बसून संत्रं सोलत होते.

“माझ्या वयाच्या माणसाला परवाना हयातीतच मुलाच्या नावावर करता येतो,” ते म्हणाले. “करून घे तुझ्या.”

“बाबा, मी इथे राहतो.”

“माहिती आहे.”

“हत्यार इथे आणता येणार नाही. आणि तिकडे अर्ज केला, की अर्जदार खरंच तिथे राहतो का, ते पोलीस घरी येऊन बघतात.”

“बघणारच. मी जन्मभर दुसरं काय केलं?”

“मग कसं करायचं?”

“राहायचं,” बाबा म्हणाले आणि संत्र्याची एक फोड माझ्यापुढे धरली.

माझे हात खराब होते. मी फोड घेतली नाही. मी नियम सांगत बसलो, इथले आणि तिथले, जणू प्रश्न नियमांचाच होता. त्याच महिन्यात मी इथल्या कायमच्या वास्तव्यासाठी अर्ज केला होता. तेवढं सोडून मी सगळं सांगितलं. वरिष्ठापुढे उभं राहून ऐकावं तसं बाबांनी बसल्या जागी ऐकून घेतलं.

“बरोबर आहे, साहेब,” म्हणाले आणि फोड स्वतः खाल्ली.

मला जे हवं होतं तेही याहून वेगळं नव्हतं. त्यांनी आणि आईने इथे यावं, आमच्या खालच्या मजल्यावर राहावं, संध्याकाळी नदीकाठी फिरून येताना माझी वाट बघावी. हे मी त्यांना कधी म्हटलं नाही, कारण आईवडिलांना कायमचं आणणं इथल्या कायद्यात बसत नाही. बसत नसलं तरी म्हणायला काय हरकत होती? त्यांनी नाही का म्हटलं?

व्हिसाची मुदत संपली आणि बाबा परत गेले. काही दिवसांनी त्यांचा फोन आला.

“अरे, ते ठाण्यातून परत आणलं नाही मी. परवानाही देऊन टाकला.”

“बाबा! विचारायचं तरी.”

“कोणाला?”

तेवढ्यात आईने फोन घेतला. जेवलास का, थंडी आहे का, हे सगळं विचारून झाल्यावर म्हणाली, “ह्यांनी कपाटातला रिव्हॉल्व्हरचा तो कुलपाचा कप्पा रिकामा केलाय. धुऊन पुसून कागद घातलाय. तुझे कपडे ठेवायचे म्हणे त्यात. आलास की सगळे दिवस बॅगेतूनच काढतोस, पाहुण्यासारखे.”

मी म्हटलं, येतो.

कधी, ते तिने विचारलं नाही.