टोपड्याची शेवटची गाठ

नगरच्या मिशन दवाखान्यातल्या आयाबाई बाळंतिणीच्या खोलीच्या दाराशी बसून क्रोशाने टोपडं विणायच्या. शेवटची गाठ मात्र बाळ रडल्यावरच मारायच्या. माझ्या तिन्ही मुलांच्या वेळी मी ते पाहिलं होतं. चौथ्या वेळी टोपडं पुरं झालं, तरी आत सगळं शांत.

"बसा की हो! तुमच्या येरझाऱ्यांनी फरशी झिजंल, बाळ न्हाई यायचं."

मी बसलो, तो नेमका त्यांच्या लोकरीच्या गुंड्यावर. त्या हसल्या नाहीत. धागा ओढून त्यांनी दोन फेरे उसवले आणि पुन्हा विणले. असं तीनदा झालं.

चौथ्यांदा उसवताना आतून रडणं ऐकू आलं.

"गाठ तुमीच मारा. माझी बोटं ऐकंनात."

मी मारलेली गाठ इतकी बेंगरूळ होती, की आयाबाई अखेर हसल्या.