मिटलेला डोळा

माझ्या जुन्या जपानी गाडीचे पुढचे दिवे बटण दाबलं की बॉनेटमधून डोळ्यांसारखे वर येतात, पुन्हा दाबलं की मिटतात. त्यांची देखभाल करणारे केडगावचे मेकॅनिक मला कधी नमस्कार करत नाहीत. आधी गाडीलाच विचारतात, "काय, झोप झाली का?" दिव्याचा गिअर झिजला की नागापूरला लेथवर नायलॉनचा नवा करून आणतात, आणि दोष मात्र मला देतात. "रोज उघडझाप करा म्हनलं हुतं. तुमी आळशी, गाडीबी आळशी."

गेल्या महिन्यात मी गाडी विकायला काढली. गिऱ्हाईक त्यांच्याच गॅरेजवर बघायला आलं. बटण दाबलं तर उजवा दिवा वर आला, डावा मिटलेलाच.

"ह्याचं काय खरं न्हाई," मेकॅनिक गंभीरपणे म्हणाले. "लई जुनं दुखनं हाय."

गिऱ्हाईक वळणाआड गेल्यावर त्यांनी शर्टाच्या खिशातून फ्यूज काढला, जागेवर बसवला आणि बटण दाबलं. डावा दिवा टुणकन वर आला. माझ्याकडे न बघता तो फडक्याने पुसत ते म्हणाले, "उद्यापासून रोज सकाळी. इसरू नका."

रागवायला हवं, हे माझ्या लक्षात आलं तोवर मी मान डोलावली होती.