हुरड्याचं शेत आणि अण्णांची शिक्षा

मंडळी, आज वडलांना, म्हणजे अण्णांना घेऊन वडीगोद्रीहून येत होतो. एका ज्वारीच्या शेतापाशी ते म्हणाले, "हळू घे. हॉर्न वाजव."

नव्वदच्या दशकात अण्णा बस चालवायचे. इथंच त्यांनी भरली बस उभी करून सगळ्या प्रवाशांसोबत हुरडा खाल्ला आणि नोकरी गेली. कोर्ट म्हणालं, चूक खरी, पण शिक्षा जास्त झाली. पगारवाढ रोखा आणि कामावर घ्या.

मग रिटायर होईपर्यंत इथं नुसता हॉर्न वाजायचा. शेतातून हात हलायचे.

आज मी विचारलं, "थांबू का? हुरडा भाजून राह्यलेत."

"न्हाई रे. कोर्टात सांगून आल्तो, पुन्हा थांबणार न्हाई."

गाडी माझी, अण्णा ऐंशीचे. ही शिक्षा कमी करून घ्यायला आता कोणत्या कोर्टात जाऊ, सांगा.