बिनमिठाची गिलक्याची भाजी

साक्रीजवळच्या आमच्या गावाहून धुळ्याला सकाळच्या एसटीत माझा डबा येतो. माय तो कंडक्टरकडे देते. मी स्टँडवर जाऊन घेतो आणि कालचा रिकामा डबा परत पाठवतो. डबा रिकामा आला म्हणजे पोरगा ठीक आहे, असं घरी माय आणि आबा धरतात. म्हणून मी तो रिकामा करायचो. भूक नसायची, पण हे काम नेमाने केलं. खोलीवरची पोरं मला हसरा म्हणायची. तेही कामच होतं.

घरात कॉलेजला गेलेला मी पहिलाच. माझं बिनसलंय हे मायला कळलं तर ती घरी परत बोलावून घेईल, आणि 'येत नाही' म्हणायचा जोर माझ्यात उरला नव्हता. भीती एवढीच होती.

एका संध्याकाळी तिचा फोन आला.

"जेवना का?"

"हो."

"गिलकानी भाजी कशी व्हती?"

"एक नंबर."

"तिन्हामा मीठच नव्हतं. आबानी तर ताट ढकली दिधं. तू बठ्ठी खाई गया?"

मी खरंच सगळी खाल्ली होती. तसं सांगितल्यावर प्रकरण आणखी बिघडलं.

"तुले काय व्हयनं रे?"

"चव लागत नाही. कशातच मन लागत नाही. दोन महिने झाले. पण घरी बोलावू नको."

"घर ये कोन म्हनस? डॉक्टर शे का तठे?"

कॉलेजात समुपदेशनाच्या मॅडम बुधवारी बसतात, हे मला माहीत होतं. ती नोटीस मी बऱ्याचदा वाचली होती. बुधवारी माय स्वतःच एसटीने आली. कंडक्टर म्हणाला, "घे, आज डबासंगे मायबी."

मॅडमनी विचारलं, "हे कधीपासून होतंय?"

माय शेजारीच बसली होती. तिला मी दोन महिने सांगितलं होतं.

"दीड वर्ष," मी म्हणालो.

माय माझ्याकडे न बघता म्हणाली, "मंग गये वरीस पहिला नंबर कसा उना?"

मॅडमना अहिराणी येत नव्हती. मी त्यांना मराठीत सांगितलं. त्या म्हणाल्या, "आतून असं असतानाही नंबर येतो, ताई."

माय माझ्याकडे बघू लागली. 'आतून असं' म्हणजे कसं, हे तिला अहिराणीत कसं सांगावं, मला लगेच सुचेना.