दिल्लीच्या यादीत नसलेले भावजी

कायदा पाळणारी माणसं मी पुष्कळ पाहिली, पण कायद्याच्या लेखी आपण कुणीच नसताना तो इतक्या निष्ठेने पाळणारा माणूस सांगलीत एकच होता, आणि तो तुमच्या आजोबांचा मावसभाऊ होता. मी त्यांना भावजी म्हणत असे. परवा तुमच्यातल्या थोरलीने फोनवर कुरकुर केली की इथली डॉक्टरकी तिकडे चालत नाही, पुन्हा परीक्षा द्यावी लागते, तेव्हा मला ते आठवले. त्यांची अडचण नेमकी उलटी होती. सात वर्षं जर्मनीत शिकून ते डॉक्टर होऊन आले, आणि इथे आल्यावर कळलं की मान्य परदेशी पदव्यांची जी यादी दिल्लीत असते, तिच्यात त्यांच्या विद्यापीठाचं नाव नाही. नाव नाही म्हणून नोंदणी नाही, आणि नोंदणी नाही म्हणून रोग्याला हात लावायचा नाही. तिथल्याच शेजारच्या गावचं विद्यापीठ मात्र यादीत होतं. "सायकलवरून चाळीस मिनिटं, वहिनी," असं ते सांगायचे, जणू चूक त्यांच्या सायकलीची होती.

सत्तरचं दशक नुकतं सुरू झालं होतं. भावजी एका शाळेत शास्त्र शिकवत आणि दर महिन्याला दिल्लीला अर्ज करत. बाकी सगळं त्यांनी नोंदणीचा नंबर येईपर्यंत तहकूब ठेवलं होतं. खोलीत एकच खुर्ची होती, दुसरी नंबर आल्यावर घ्यायची होती. चष्म्याची काडी दोऱ्याने बांधलेली असे, तीही नंबर आल्यावर बदलायची होती. मिरजेच्या एका मुलीचं स्थळ सांगून आलं, तर त्यांनी तिच्या वडिलांना नंबर येईपर्यंत थांबायची विनंती केली. ते दीड वर्ष थांबले, हा त्यांचा मोठेपणा. पुढे तिचं लग्न झालं तेव्हा भावजी जेवून आले आणि जिलबी चांगली होती म्हणाले.

पण गल्लीला एवढं पुरेसं होतं की हा माणूस डॉक्टर आहे. माणसं दारात येत. भावजी त्यांचं सगळं ऐकून घेत, मग पाठ फिरवून अंगणातल्या शेवग्यासमोर उभे राहत. रोग्याला सल्ला देणं बेकायदा होतं, पण झाडाशी बोलायला नोंदणी लागत नव्हती. "मला असा ताप असता," ते शेवग्याला सांगत, "तर मी आजच रक्त तपासून घेतलं असतं." लोक मागे उभे राहून लक्षात ठेवत. जतकडची एक म्हातारी आमच्या गल्लीत लेकीकडे राहत होती. ती तर आल्या आल्या म्हणायची, "आवं डाक्टर, त्या झाडाला इचारा की, माजा गुडगा कवा बरा व्हनार?" मग शाळा सुटल्यावर भावजीच तिला बसने मिरजेच्या दवाखान्यात नेत, रांगेत उभे राहत आणि तिथल्या डॉक्टरांचं इंग्रजी तिला समजावून सांगत. गल्लीतल्या निम्म्या लोकांना त्यांनी असं मिरजेला नेलं असेल.

आठ-नऊ वर्षांनी नंबर आला. तोवर तुमचे आजोबा गेले होते आणि तुमचे बाबा परदेशी पोचले होते. भावजींनी शाळा सोडली, कोपऱ्यावर दवाखाना थाटला, रोग्यांसाठी चार खुर्च्या आणल्या. आणि कुणी येईना. झाडाशी बोलणारा माणूस त्यांच्यातला होता, टेबलामागे बसलेल्या डॉक्टरपुढे जायला लोक बुजत. पंधरवड्याने ती म्हातारी आली. पुढचं भावजींनीच मला सांगितलं. ते लगबगीने उठले आणि गुडघा दाखवा म्हणाले.

"गुडगा तुमी बगाल ओ," म्हातारी उभ्यानेच म्हणाली. "पर मग मिरजेला माज्यासंगं कोन येनार?"

भावजींनी दवाखान्याला कुलूप लावलं आणि तिला बसमध्ये बसवलं. बसमध्ये तिने विचारलं म्हणे, "आता तुमी लय मोटं झालासा. आमाला इसरनार न्हाई न्हवं?" हे सांगताना ते हसले.

पुढच्या गुरुवारी मी दवाखान्यात गेले. मला काहीही होत नव्हतं. खोकला येतो म्हणून सांगितलं. भावजींनी साबणाने हात धुतले, नीट पुसले, आणि माझ्या मनगटावर बोटं ठेवली. नाडी सापडेपर्यंत बोटं दोनदा सरकवली. इतक्या वर्षांत त्यांनी कुणाची नाडी पाहिलीच नव्हती. मग त्यांनी छाती तपासली, पाठ तपासली, घसा पाहिला आणि सगळं सुवाच्य अक्षरात कागदावर उतरवलं. तरी अर्धा कागद कोराच राहिला.

"आणखी काही त्रास, वहिनी?" त्यांनी मान वर न करता विचारलं.

मला घरी जायची घाई नव्हती. स्वयंपाक एकटीचाच होता. झोप लागत नाही, असं मी सांगितलं. त्यांनी ते लिहिलं. मग पाठ दुखते म्हणून सांगितलं, आणि त्यांचं लिहून होईपर्यंत पुढचं काय सांगावं याचा विचार करत बसले.